शंभर मीटर

"शंभर मीटरच्या पुढं केबल मरते," इरफान म्हणाला आणि हातातल्या काटकीनं त्यानं धुळीत एक लांब रेघ ओढली. "ही आपली बी लाइन. हे तुझं घर, तीन नंबर. हे माझं, एकवीस. मधे किती पावलं?"

"मला काय माहीत?"

"दोनशे चौतीस. पहाटे उठून मोजली. म्हणजे धर एकशे साठ मीटर."

"मग झालं की. केबल दोनशे मीटर आहे."

"केबल असू दे पाचशे. शंभराच्या पुढं तिच्यातनं काही पोचत नाही. मधे एक डबा ठेवायला लागतो, स्विच. तो इकडचं ऐकतो आणि तिकडं परत ओरडून सांगतो." रेघेच्या बरोबर मधोमध त्यानं काटकी रोवली. "इथं."

मी काटकीकडे बघितलं.

"इथं नाही," मी म्हटलं.

"मग कुठं? दहाला कुलूप. अकरा आणि तेरा रिकामी, लाइट तोडलीय. स्विचला प्लग लागतो, आशू. वारा पिऊन चालत नाही तो."

काटकी रोवली होती तिथं बारा नंबर होतं. बारा नंबर म्हणजे पाटोळ्यांचं घर, आणि पाटोळ्यांशी आमच्या अख्ख्या वसाहतीचं बोलणं बंद होतं. त्याला आठ महिने झाले होते.

ही दोन हजार तेरा सालच्या मे महिन्यातली गोष्ट. आमचा साखर कारखाना दोन हंगाम थंड पडला होता. आदल्या सप्टेंबरात आतली यंत्रं विकल्याची बातमी फुटली आणि सगळी वसाहत फाटकासमोर जाऊन बसली, बायकापोरांसकट. अकरा दिवस एक खिळा बाहेर जाऊ दिला नाही. बाराव्या दिवशी पहाटे ट्रक आले आणि फाटक उघडलं गेलं. फाटकावर ड्यूटी होती पाटोळेकाकांची, दिगूच्या वडिलांची. वॉचमन माणूस, वरून हुकूम आला, किल्ली फिरवली. दुसरा कुणी असता तरी त्यानं तेच केलं असतं, हे आज मला कळतं. तेव्हा ते म्हणायची कुणाची छाती नव्हती. त्याच संध्याकाळी मारुतीच्या देवळासमोर बैठक झाली आणि एक माणूस उठून म्हणाला, "आजपासून पाटोळ्याशी बोलणं बंद." तो माणूस म्हणजे माझे वडील, कारखान्याचे वायरमन, अण्णा सुतार. पाटोळेकाका आणि ते एकाच दिवशी कामावर लागलेले. वीस वर्षं एका डब्यात जेवलेले.

कुणी काही लिहून ठेवलं नाही, की कुणाला दंड सांगितला नाही. पण नळावर पाटोळेकाकूंचा नंबर शेवटी लागू लागला. संक्रांतीचं हळदीकुंकू बारा नंबर वगळून पुढं गेलं. आणि मी दिगूशी बोलायची थांबले. मला अण्णांनी वेगळं काही बजावलं नव्हतं. मीच शहाणी झाले. कॉलेजच्या बसथांब्यावर दिगू समोर उभा असायचा आणि मी बसची पाटी वाचत राहायचे. पाटीवर दोनच शब्द होते. ते वाचायला मला पंधरा मिनिटं लागायची.

आणि आता इरफान म्हणत होता, स्विच तिथंच ठेवायचा.

स्विच कशाला, ते सांगायला हवं. आम्हा तिघांना एका खेळाचं वेड होतं. त्याचं खरं नाव इंग्रजी आणि हातभर लांब होतं, आम्ही त्याला ‘बेट’ म्हणायचो. तुम्ही एका निर्जन किनाऱ्यावर जागे होता. अंगावर फाटका शर्ट आणि हातात काही नाही. लाकूड तोडायचं, दगड फोडायचे, झोपडी बांधायची, चूल पेटती ठेवायची, रानडुकरांपासून जीव वाचवायचा. भूक लागली आणि खाल्लं नाही तर मरायचं. जिंकणं-बिंकणं काही नाही, फक्त तग धरायची. नववीपासून आम्ही तिघं ते खेळत होतो, पण आपापल्या घरी, आपापल्या बेटावर. पेनड्राइव्हवरून एकमेकांना खेळ दिलेला, आणि शाळेत फुशारक्या मारायच्या. पहिल्याच पानावर एक बटण होतं, एकत्र खेळण्याचं. ते आम्ही कधी दाबलं नव्हतं. वसाहतीत इंटरनेट नव्हतं, केबल नव्हती. "बारावी झाली की तिघं एका बेटावर," असं दिगूच म्हणाला होता, नववीत.

बारावी झाली होती. महिनाअखेर क्वार्टर्स खाली करायची नोटीस सगळ्या दारांवर लागली होती. इरफानच्या अब्बांना नगरकडच्या कारखान्यात काम मिळालं होतं आणि त्यांचा ट्रक मंगळवारी येणार होता. आणि त्याच आठवड्यात इरफानच्या मामानं आपला सायबर कॅफे बंद केला. जाताना त्यानं भाच्याला केबलचं बंडल, आठ भोकांचा स्विच, एक पकड आणि बॅटरी मेलेला एक लॅपटॉप देऊन टाकला. आज रविवार होता. अण्णा आणि आई तासगावला लग्नाला गेले होते. योग म्हणतात तो असा असतो.

"आपण दोघंच खेळू," मी म्हटलं. "स्विच कुठंतरी..."

"दोघांचं ठरलं होतं का?" इरफान काटकीकडे बघत म्हणाला. "आणि हे बघ, मी गेलो तर दार उघडेल की नाही सांगता येत नाही. माझे अब्बा त्या बैठकीत नुसते बसले होते. बोलले तुझे अण्णा. तुलाच जायला लागंल."

*

दार पाटोळेकाकूंनी उघडलं. हाताला पीठ होतं. त्यांनी मला पायांपासून डोक्यापर्यंत बघून घेतलं.

"काय गं, वाट चुकलीस व्हय?"

"नाही काकू. तुमच्याकडंच आले."

"तुझ्या अण्णास्नी ठाव हाय?"

खोटं बोलायचं मी वाटेत ठरवून आले होते. "नाही," मी म्हटलं.

"मग?"

"मग काही नाही."

काकूंनी हाताचं पीठ झटकलं. "आलीयास तर आत ये. उंबऱ्यावर किती वेळ हुबी ऱ्हाणार? दिग्या, तुझ्याकडं आलंय बघ कोण."

दिगू आतून आला. आठ महिन्यांत त्याला मिशी फुटली होती. समोर रोज दिसणाऱ्या मुलाला मिशी फुटलेली मला कळली नव्हती, याची मला तिथल्या तिथे लाज वाटली.

"काय पाहिजे?" तो म्हणाला.

मी घडाघडा सांगून टाकलं. शंभर मीटर, स्विच, प्लग, बेट. तो ऐकत राहिला.

"म्हणजे घर पाहिजे," तो म्हणाला. "मी नको."

"तू पण पाहिजेस."

"आत्ता?"

"चुकलं माझं," मी म्हटलं. दिगू खिडकीबाहेर बघत राहिला. मधे काकूच बोलल्या, परातीतलं पीठ मळता मळता, आमच्याकडे न बघता.

"प्लग फ्रिजच्या मागं हाय. फ्रिज सरकवायला लागंल. माझ्या एकटीनं न्हाई हुणार."

आम्ही दोघांनी मिळून फ्रिज सरकवला. त्याच्या मागे दोन वर्षांची धूळ आणि काकूंची हरवलेली चाळणी निघाली. काकूंचं तोंड पहिल्यांदा उजळलं ते त्या चाळणीमुळे.

मग जी धांदल उडाली ती काय सांगू. इरफान बंडल खांद्यावर टाकून धावत आला, दाराशी क्षणभर घुटमळला आणि दिगूनं "आत ये की लेका" म्हटल्यावर असा घुसला, जणू कालच येऊन गेला होता. केबलच्या पोटात आठ बारीक तारा असतात आणि त्या ठरलेल्या क्रमानंच टोकाच्या प्लॅस्टिकच्या टोपीत बसवायच्या असतात. पांढरा-नारिंगी, नारिंगी, पांढरा-हिरवा, निळा, पांढरा-निळा, हिरवा, पांढरा-तपकिरी, तपकिरी. आम्ही तो क्रम पाढ्यासारखा म्हणत होतो. मी केलेलं पहिलं टोक इरफाननं उजेडाकडे धरलं आणि हसत सुटला, कारण हिरवा आणि निळा एकमेकांच्या जागी जाऊन बसले होते. दिगूनं माझ्या हातातली पकड घेतली, टोक छाटलं आणि नवीन केलं. त्याचा हात पहिल्यापासून माझ्यापेक्षा स्थिर.

"पोरीच्या हातात पकड देऊ नये म्हणतात," तो म्हणाला.

"कोण म्हणतं?"

"मी. आत्ताच."

हे आठ महिन्यांतलं त्याचं पहिलं चिडवणं. मला इतकं बरं वाटलं की उलट उत्तर द्यायचं मी विसरून गेले.

बारा ते एकवीसचा तुकडा दिगू आणि इरफाननं घेतला. तीन ते बारा माझा. पन्हाळीच्या कडेनं, खुंट्यांना, खिडक्यांच्या गजांना सुतळीनं बांधत मी निघाले. स्टूल पुढे सरकवायचं, चढायचं, बांधायचं, उतरायचं. ऊन मी म्हणत होतं आणि मी गाणी म्हणत होते. अडचण एकच होती. अकरा आणि बाराच्या मधून रस्ता जातो, पूर्वी उसाच्या गाड्यांचा आणि आता भंगाराच्या ट्रकांचा. तिथे केबल हवेतून न्यायला लागणार होती. अलीकडे विजेचा खांब होता. मी स्टुलावर चवड्यांवर उभी राहिले आणि हात पुरेल तिथे खांबाला सुतळी मारली. मग रस्ता ओलांडून पाटोळ्यांच्या भिंतीपाशी स्टूल ठेवलं आणि चढले. तेवढ्यात रस्त्याच्या टोकाला अण्णा दिसले.

डोक्यावर लग्नातला फेटा, अंगात कडक इस्त्रीचा सदरा. आई मावशीकडे राहिली असावी. मी पाटोळ्यांच्या भिंतीला पालीसारखी चिकटलेली आणि हातात केबल. लपायला जागा नव्हती.

अण्णा येऊन थांबले. त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही, घराकडे तर नाहीच नाही. त्यांनी वर बघितलं.

"हे कुणी बांधलं?"

"मी."

"सुतळीनं?"

"हो."

"खांबावरनं उतरणाऱ्या लाइटच्या तारेपासनं एक वीत सोडून?"

मी वर बघितलं, त्या तारेकडे.

"आणि हा झोळ? ट्रक आला की त्याला सांगणार, वाकून जा म्हणून? कुठनं कुठं चाललीय ही?"

मी सगळं सांगितलं. तीन नंबर, बारा नंबर, एकवीस नंबर. माझा कॉम्प्युटर इकडे, इरफानचा लॅपटॉप तिकडे, शंभर मीटर, म्हणून मधे स्विच, आणि स्विच कुठे, तेही. सांगता सांगता आवाज बारीक होत गेला. अण्णांनी एकदा मान वळवून एकवीस नंबरच्या दिशेनं बघितलं. थोडा वेळ तसेच बघत राहिले.

"वायरमनची पोरगी म्हणवतेस," एवढंच म्हणाले आणि घराकडे चालू लागले.

संपलं, मला वाटलं. आता कटर घेऊन येतील आणि तोडतील. मी स्टुलावरून उतरले नाही, तशीच केबल धरून उभी राहिले. तोडायची असली तर माझ्या हातातून तोडू देत, असं काहीतरी फिल्मी डोक्यात आलं होतं.

अण्णा आले ते खांद्यावर शिडी घेऊन. फेटा काढलेला होता, केसात अक्षता तशाच होत्या आणि कमरेला पकडीचं पाकीट. कारखाना बंद पडल्यापासून ते पाकीट मी पाहिलं नव्हतं.

"चल. खांबाकडं," ते म्हणाले.

अण्णांचा एक नियम होता आणि तो कारखान्यात पोरासोरांनाही पाठ होता. खाली माणूस नसेल तर वर वायरमन नसतो. शिडीच्या खालच्या पायरीवर कुणाचा तरी पाय आणि दोन्ही दांड्यांवर कुणाचे तरी हात असल्याशिवाय अण्णा चढत नसत. मग भले अख्खं गाळप थांबलेलं असो आणि साहेब खाली नाचत असो. दुसरा अर्धा नियम असा की चढणाऱ्यानं खाली बघायचं नाही. धरणारा आहे, हे धरून चालायचं.

खांबाशी मी शिडी धरली. अण्णांनी माझी सुतळी तोडून टाकली, केबल खांबावर उंच नेली, वरच्या विजेच्या तारांच्या चांगली दोन हात खाली, आणि चिनी मातीच्या जुन्या चिमणीला, तार अडकवायच्या बोंडाला, सैल तिढा मारून अडकवली. मग म्हणाले, "आता तू इथं ताणून धर. सोडू नकोस. सोडलीस तर रस्त्यात पडंल." आणि शिडी उचलून ते रस्ता ओलांडून गेले आणि पाटोळ्यांच्या भिंतीला त्यांनी ती लावली.

दिगू आणि इरफान तिकडे एकवीस नंबरच्या बाजूला. मी रस्त्याच्या अलीकडे, केबलला बांधल्यासारखी. शिडीला माणूस नव्हता.

अण्णा शिडीच्या दांड्याला हात लावून उभे राहिले. चढले नाहीत.

"मी येऊ?" मी ओरडले.

"हलू नकोस."

ते उभेच. उन्हानं त्यांच्या सदऱ्याची पाठ ओली होत चाललेली मला दिसत होती. हाक मारली असती तर दिगू धावत आला असता. अण्णांनी हाक मारली नाही. किती वेळ गेला कोण जाणे, माझे हात भरून आले. मग बारा नंबरचं दार उघडलं.

पाटोळेकाका बनियनवर होते. बाहेर आले, कुणाकडे बघितलं नाही. उजवा पाय खालच्या पायरीवर ठेवला आणि दोन्ही दांडे धरले. अण्णा चढले. वर जाऊन खिडकीवरच्या झरोक्याशी त्यांनी खिळा ठोकला, केबल ओढली आणि थांबले.

"ढील दे," अण्णा भिंतीकडे बघत म्हणाले.

"किती?"

"हातभर."

पाटोळेकाकांनी एक हात शिडीला ठेवून दुसऱ्यानं पायाशी पडलेल्या वेटोळ्यातली केबल वर सोडली.

"बास?"

"बास."

आठ महिन्यांनंतर दोघं एवढं बोलले. रस्त्यापलीकडे मी केबल धरून उभी होते आणि मला नाक पुसता येत नव्हतं, कारण दोन्ही हात अडकलेले होते.

अण्णा उतरले तेव्हा काकू दारात चहा घेऊन उभ्या होत्या. दोन कप. अण्णांनी उभ्यानंच घेतला, कप पायरीवर ठेवला, आणि "खिळा गंजका हाय, पावसाळ्यात बदलायला लागंल," असं शिडीला सांगून घरी गेले. पावसाळ्यात तिथं कुणीच राहणार नव्हतं.

*

पुढचा तासभर आमचे पाय जमिनीला लागले नाहीत. स्विचमध्ये तीन टोकं खोचली आणि तीन हिरवे दिवे लुकलुकले तेव्हा इरफान फ्रिजसमोर नाचला. मी धावत घरी जाऊन माझ्या कॉम्प्युटरला आकड्यांचा पत्ता दिला, तसाच इरफाननं लॅपटॉपला दिला, आणि दोघं परत धावत दिगूकडे. दिगूनं काळी चौकट उघडली, माझ्या घरचा आकडा टाकला आणि बटण दाबलं. एक ओळ आली. दुसरी, तिसरी, चौथी. चारही उत्तरं आली होती.

"म्हंजे काय झालं?" काकूंनी विचारलं.

"दिगूच्या कॉम्प्युटरनं माझ्या कॉम्प्युटरला हाक मारली," मी म्हटलं, "आणि तिकडनं ओ आली."

"एवढंच व्हय?" काकू म्हणाल्या. "एका हाकंसाठी एवढी तार?"

आम्ही तिघांनी एकमेकांकडे बघितलं. काकूंना काही टोचून बोलायचं नव्हतं, त्यांनी आपलं जे दिसलं ते म्हटलं.

मग मी घरी, इरफान त्याच्या घरी, आणि फोनवर तिघं एका वेळी. दिगू यजमान. त्यानं आपलं बेट उघडलं, मी बटण दाबलं आणि पडद्यावर लाल पट्टी आली. व्हर्जन जुळत नाही.

"दिगू, तुझ्याकडं कुठलं आहे?"

"इरफाननं मागच्या ऑगस्टात दिलेलं."

"त्यानंतर तीन नवी आली," इरफान म्हणाला.

"आली असतील. मला कोण देणार होतं?"

त्याच्या आवाजात राग नव्हता, आणि त्यामुळेच मला जास्त लागलं.

"पेनड्राइव्ह घेऊन येतो, तुझं नवीन करून टाकू," इरफान म्हणाला.

"नको," दिगू म्हणाला. "नव्यात माझं बेट उघडायचं नाही. जुनी बेटं चालत नाहीत त्यात."

"मग आम्ही मागं येतो," मी म्हटलं. "तुझं जुनं व्हर्जन केबलवरनं पाठव."

आणि आमच्या त्या केबलवरून पहिली वस्तू आली ती दिगूचा मागचा ऑगस्ट. मी माझा नवा खेळ पुसला, त्यातल्या माझ्या बेटासकट, आणि जुना चढवला. पट्टी भरत होती तोवर मी नखं खात होते. बटण दाबलं. पडदा काळा झाला. मग लाटांचा आवाज आला.

मी किनाऱ्यावर उभी होते, आणि समोर एक माणूस होता. चार वर्षं त्या खेळात मी डुकरं पाहिली, खेकडे पाहिले, माणूस कधी पाहिला नव्हता. हातात मशाल घेतलेला, माझ्यासारखाच फाटक्या शर्टातला माणूस, आणि तो माझ्याकडे बघून जागच्या जागी उड्या मारत होता. मी खुर्चीतून उठले. मीही उड्या मारायला लागले, खेळात आणि खोलीतही. तेवढ्यात आमच्या डोक्यावरून इरफान जन्माला आला आणि थेट समुद्रात पडला.

"अरे पोहायचं कसं, बटण कुठलं, मरतोय मी," फोनमधून इरफान.

"उजवीकडं ये, उजवीकडं. तुझं उजवं."

त्याला बाहेर काढला तर त्यानं वाटेत कुठलीशी जांभळी फळं खाल्ली आणि हिरवा पडला. त्याच्यामागे डुक्कर लागलं. दिगू मशाल घेऊन डुकराच्या मागे, मी दगड घेऊन दिगूच्या मागे, आणि फोनवर तिघांचा असा गोंधळ की शेजारच्या रिकाम्या घरातली कबुतरं उडाली. इतकी वर्षं एकट्यानं जपून जपून तग धरली होती. तिघं मिळून आम्ही पहिल्या दहा मिनिटांत दोनदा मेलो आणि मला त्याचं काही म्हणजे काही वाटलं नाही.

"चला, वर चला," दिगू म्हणाला. "दिवस बुडायच्या आत."

टेकडीवर तीन झोपड्या होत्या. तिन्हींच्या धुराड्यांतून धूर निघत होता. एकीवर पाटी, इंग्रजी अक्षरांत, आशू. दुसरीवर इरफान.

"हे कधी बांधलंस?"

"गणपतीनंतर."

म्हणजे फाटक उघडलं त्यानंतर. बोलणं बंद झाल्यावर. आणि या खेळातली झोपडी नुसती बांधून राहत नाही, हे आम्हाला तिघांनाही माहीत होतं. चूल विझली की तिची पडझड सुरू होते. चार दिवसांनी एकदा तरी लाकडं घालावी लागतात.

"आठ महिने घालत होतास?" इरफाननं विचारलं.

"दुसरं काय काम होतं?" दिगू म्हणाला.

मी माझ्या झोपडीत शिरले. चूल पेटलेली होती, कोपऱ्यात चार नारळ रचून ठेवलेले होते. मी फोन बाजूला ठेवला आणि रडले. चांगली हमसून रडले, आणि मग घाईघाईनं डोळे पुसले, कारण बाहेर इरफानला परत डुक्कर लागलं होतं.

*

पावणेचारला लाइट गेली. पडदा गप्पकन काळा झाला आणि मी ओरडले. मग आठवलं, बारा नंबरला इन्व्हर्टर होता. दिगू अजून बेटावर होता. मी अनवाणी धावत सुटले. पाटोळ्यांच्या दारात समोरून इरफान आला, धापा टाकत, लॅपटॉप काखेत मारलेला.

"प्लग, काकू, प्लग," म्हणत तो आत शिरला, फ्रिजमागच्या प्लगला त्यानं लॅपटॉप जोडला, स्विचमधली एक तोकडी केबल खोचली आणि मिनिटभरात परत किनाऱ्यावर उभा राहिला.

मी त्याच्याकडे बघत राहिले.

"इरफान," मी म्हटलं, "हा लॅपटॉप उचलता येतो."

"येतो की. लॅपटॉप आहे."

"मग सकाळीच उचलून आणायचा की. केबल कशाला, शंभर मीटर कशाला?"

त्यानं पडद्यावरची नजर काढली नाही. "उचलून कुठं आणला असता? तुझ्या घरी. दिगू आला असता तिथं? आणि इथं आणला असता, तर तू आली असतीस?"

मला खोटं बोलता आलं असतं. "नसते आले," मी म्हटलं.

"मला पण एकट्यानं यायला तोंड नव्हतं. काहीतरी काम पाहिजे होतं. सरक जरा, डुक्कर आलं."

दिगूनं खुर्ची अर्धी मोकळी केली आणि मी त्यावर टेकले. संध्याकाळपर्यंत आम्ही तिघं त्या खोलीत होतो.

मंगळवारी मुलाण्यांचा, म्हणजे इरफानच्या घरचा ट्रक भरला तेव्हा दोर आवळायला पाटोळेकाका आले. शुक्रवारी आमचा भरला तेव्हाही आले. अण्णा वरून दोर टाकत होते आणि "ओढ", "सोड", "बास" एवढंच दोघं बोलत होते. जाताना अण्णांनी त्यांच्या हातात तंबाखूची पुडी ठेवली. केबल आम्ही काढली नाही.

परवा अण्णा आमच्याकडे आले होते. एकाहत्तर वर्षांचे झालेत, शिडीवर मी चढू देत नाही. स्वयंपाकघरातला दिवा गेला होता म्हणून मी स्टुलावर चढले. न सांगता ते उठले आणि स्टुलाच्या पट्टीवर पाय ठेवून उभे राहिले.

"त्या मुलाण्याच्या पोराकडं लॅपटॉप होता," ते खालून म्हणाले. अधल्यामधल्या बारा वर्षांत हा विषय घरात एकदाही निघाला नव्हता.

"होता."

"उचलून आणला असता तर तार लागलीच नसती."

माझा हात होल्डरवर थांबला. "हे तुमच्या कधी लक्षात आलं?"

"तू सांगितलंस तेव्हाच. शिडी आणायला गेलो त्याच्या आधी."

मी खाली बघितलं. त्यांचे दोन्ही हात स्टुलाला होते आणि नजर भिंतीकडे होती.

"मग आणलीत कशाला?"

"खाली बघू नकोस," अण्णा म्हणाले. "दिवा लाव."